तागाच्या शेवटच्या पट्ट्यातले पतंग

साताऱ्याहून सांगलीची एसटी सुटता सुटता पकडली. आदल्या दिवशी माझा धाकटा चुलतभाऊ बाबू याचा अचानक फोन आला होता, "आक्का, ताग फुलला. यायचं असंल तर ये, आता गाडायचा हाय." ऊस लावण्याआधी आमच्याकडे रानात ताग पेरतात आणि पिवळाजर्द फुलला की मातीत गाडतात, त्याचंच खत होतं. मला ओढ होती ती त्यातल्या पांढऱ्या, तांबड्या-काळ्या ठिपक्यांच्या पतंगाची. लहानपणी मी आणि थोरला भाऊ विलास त्याच्यामागं हिंडायचो. गेल्या वर्षी विलास गेला. तेव्हापासून तो पतंग एकदा पाहायचाच, असं मनानं घेतलं होतं.

सांगलीत उतरून मिरजेकडचं वडाप (शेअर जीप) केलं, तर ते वाटेत पंक्चर! रानात पोचले तो काय, ट्रॅक्टर सुरू. निम्मा ताग मातीत.

"अरे बाब्या, थांबायचंस तरी!"

"अगं, ट्रॅक्टरवाला आज हाय, उद्या न्हाई. आधी भाकरी खा."

कसली भाकरी! चप्पल बांधावर टाकून तागात शिरले. पाऊल टाकताच पाचसहा पतंग उठले, हातभर उडून पुन्हा बसले. दिवसाउजेडी कसे निवांत! वाघपतंगांच्या कुळातले हे. अळी असतानाच तागातलं विष अंगात साठवतात, म्हणून पाखरं वाट्याला जात नाहीत. कोतवाल पक्ष्यानं एक उचलला आणि लगेच टाकून दिला. विलासनं एकदा पैजेवर तो जिभेला लावला होता आणि विहिरीपर्यंत थुंकत पळाला होता. आठवून मी एकटीच खो खो हसले.

ट्रॅक्टर फेऱ्या घालत होता, तसे पतंग उरलेल्या तागात सरकत होते. शेवटच्या पट्ट्यात तर नुसती गर्दी. ट्रॅक्टर तिकडं वळला तशी मी ओरडले.

"नको रे बाबू!"

बाबूनं हात वर केला. "ऱ्हाऊ दे रं तेवढा. बी धरूया."

भाकरी घेऊन आलेली त्याची बायको हसायला लागली. "अवो, ह्या अळ्या शेंगंत शिरून बी खात्यात. हाताला काय लागनार?"

"खाऊ देत. इलासदादा दरसाल येऊन असाच आडवा यायचा. औंदा कोन येनार, म्हनून हिला फोन केला."

मला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. परतीच्या एसटीत आधी विलासचा रागच आला. दरसाल इथं यायचा आणि मला कधी चकार शब्द बोलला नाही. मग कराडपर्यंत रडत गेले. पुढच्या साली फोनची वाट बघणार नाही. ट्रॅक्टरच्या आधी मी रानात असेन.