धरायला जागा

आक्का कधी खुर्चीत टेकून बसली नाही. कुणी आलंच तर उठायला उशीर नको, अशी कडेला बसायची. ऐन तारुण्यात नवरा गेला आणि ती केदारखेड्याहून जाफराबादला आमच्या घरी, म्हणजे आपल्या धाकट्या भावाकडे राहायला आली. नात्याने माझी आत्या, पण सगळं घर तिला आक्काच म्हणायचं. आता ऑफिसातून आल्या आल्या मी सोफ्यावर अंग टाकते, तेव्हा मनात येतं, की इतकी वर्षं पाठ न टेकवता ही बाई दमली कशी नाही? दमली असेलच. आम्हाला दिसलं नाही.

शेजारी कोकणातून बदलून आलेलं एक कुटुंब होतं. पुन्हा बदली झाली तेव्हा त्या काकू लाकडाच्या तुकड्याला बांधलेलं एक ऑर्किड आमच्याकडे देऊन गेल्या. मातीत लावू नका, टांगून ठेवा, एवढंच सांगितलं. आईने ते उलटंपालटं करून पाहिलं. "दुसऱ्याच्या अंगावर जगतं म्हणजे बांडगूळच की हे. घरात कशाला?" आईच्या मनात काही नव्हतं. पण आक्का उठली, तिच्या हातातून तो तुकडा घेतला आणि म्हणाली, "राहू दे शोभा. मी बघती त्याचं."

तेव्हापासून ते झाड आक्काचं झालं. आमच्या बोअरच्या पाण्याचे पानांवर पांढरे डाग पडायचे, म्हणून ती पावसाचं पाणी घागरीत धरून ठेवायची आणि ओंजळीने शिंपडायची. उन्हाळ्यात झाड कूलरच्या ओल्या हवेत टांगायची आणि स्वतः स्वयंपाकघराच्या दारात पदराने वारा घेत बसायची. बाबा चिडवायचे, "आक्का, कूलर माझ्यासाठी आणला का ह्याच्यासाठी?" "तुला बोलता तरी येतंय," ती म्हणायची, "ते बिचारं गुमान सोसून राह्यलं." एवढं करून फूल काही येईना.

एकदा ती लग्नासाठी केदारखेड्याला गेली आणि झाड आईवर सोपवून गेली. आई शेतकऱ्याची लेक. हवेत लोंबणाऱ्या त्या उघड्या मुळ्या तिला बघवेनात. तिने डब्यात चांगली काळी माती भरली, शेणखत घातलं, झाड त्यात लावलं आणि रोज पोटभर पाणी दिलं. अगदी मायेने. आक्का पाहुणचार उरकून परतली तोवर मुळ्या कुजल्या होत्या.

ती ओरडली नाही. झाड उपसलं, मुळ्या धुतल्या, सडलेल्या कापल्या आणि उरलेलं झाड जुन्या लुगड्याच्या चिंधीने पुन्हा लाकडाला बांधायला बसली. आई जवळच रडवेली उभी होती. "आक्का, मला वाटलं, हवेवर किती दिस काढील बिचारं?"

"ते कुणाचं काही खात न्हाई शोभा," आक्का मान वर न करता म्हणाली. "त्याला धरायला जागा लागती फक्त."

आईचा चेहरा उतरला. तिला बरोबर कळलं होतं. त्यानंतर आमच्या घरात बांडगूळ हा शब्द कुणी काढला नाही.

झाड जगलं. बऱ्याच वर्षांनी त्याला जांभळट फुलांचा तुरा आला, तेव्हा आक्काने सारी गल्ली बोलावली. त्या दिवशी येणाऱ्या-जाणाऱ्याला "बसा" ती म्हणत होती. एरवी आमच्या घरात तो मान आईचा. पुढच्या थंडीत आक्का गेली. आजारपणातही ती खाटेच्या कडेलाच निजायची, जागा अडायला नको म्हणून.

बाबा गेल्यावर आई माझ्याकडे जालन्याला राहायला आली. एका हातात कपड्यांची पिशवी, दुसऱ्या हातात ते झाड. जावयाचं घर, म्हणून ती सोफ्याच्या अगदी टोकाला बसली. मी दिवसभराची थकलेली, बोलायचंही त्राण नव्हतं. खिडकीत झाड टांगलं आणि तिच्याजवळ येऊन बसले.

"आई, टेकून बस की गं."

आई मागे टेकली. झाडाकडे बघत हळूच म्हणाली, "आक्काला मी असं एकदाबी म्हणले न्हाई."