शरयूआत्याची पावलं

दुपारचं जेवून दिवाणावर आडवी झाले आहे. डोळे मिटताहेत, पण झोपून चालणार नाही. सहा वाजता आमच्या फिल्म क्लबची पुस्तिका छापायला जाणार आणि संपादक मोडक म्हणतात, "पुरावा द्या, आत्याबाईंचं नाव छापतो. घरच्या गप्पांवर नाही छापता येत." बरोबरच आहे त्यांचं. म्हणूनच जास्त राग येतो.

शरयूआत्या तीस वर्षं रोममध्ये होती. तिथे सिनेमाचं चित्रण आधी व्हायचं आणि आवाज मागाहून भरायचे. मोठमोठ्या नट्यांच्या पावलांचे आवाज आत्याच्या पायांचे. नाव मात्र कुठल्याच सिनेमात नाही. तिला जाऊन अकरा वर्षं झाली.

"लोळतेस काय? ऊठ, बर्फ करायचाय."

आत्या पायथ्याशी उभी आहे. साडी खोचलेली, हातात उंच टाचांचे बूट. मला मुळीच नवल वाटत नाही. दिवाण आता तिच्या स्टुडिओत आहे. जमिनीवर एकेक चौकोन आखलाय, फरशीचा, वाळूचा, लाकडाचा. समोर पडद्यावर एक बाई बर्फातून चालते आहे, पण आवाज नाही.

"बर्फ कुठंय?"

"हा काय." उशीचा अभ्रा, त्यात गच्च कॉर्नफ्लोअर. "अनवाणी दाब."

दाबते. कर्र, कर्र. अभ्रा उसवून पीठ बाहेर येतं. पडद्यावरची बाई माझ्या पायांनी चालू लागते. मला हसू फुटतं तशी तीही अडखळते.

"हसू नकोस गं, विधवा आहे ती!"

"आत्या, मोडकांना पुरावा हवाय. तू तिथे होतीस याचा."

"एवढंच ना?"

समोर आमच्या मिरजेच्या घराचं दार आहे. पडद्यावरची बाई बूट घालूनच आत शिरते. आत्या मात्र बूट चढवून टक टक उंबऱ्यापर्यंत जाते, ते काढते आणि अनवाणी पुढे होते.

"अगं, तिच्या पायांत बूट आहेत!"

"पहिल्याच सिनेमात चुकले ही अशी. सवय गं. चपला घालून घरात कोण शिरतं? दिग्दर्शक ओरडला. मग दोनदा ऐकून म्हणाला, आता ती घरी आल्यासारखी वाटते, राहू दे. पुढे दर सिनेमात एकदा तरी केलं."

"सांगितलं का नाहीस कधी?"

"विचारलंस कधी?"

नाही विचारलं. ती सुटीला यायची तेव्हा मी फक्त चॉकलेटं मागितली. फार लाज वाटते.

"चॉकलेटं चांगली होती ना?" आत्या म्हणते आणि मनापासून हसते.

जाग येते तेव्हा पावणेपाच झालेत. धावत जाऊन घरात आत्याचा म्हणून सांगतात तो सिनेमा लावते. स्वप्नातलीच विधवा येते, टक टक, दार उघडतं. पायांत बूट चकाकताहेत आणि आवाज अनवाणी तळव्यांचा, थप, थप. मी एकटीच टाळ्या पिटते. मग तिचा दुसरा सिनेमा लावते. त्यातही तेच.

मोडकांना फोन करते. "हे दोन्ही सिनेमे तुमच्याकडे लावा. पायांकडे बघा आणि कान द्या."

फोनमधून आधी टक टक, नंतर थप, थप. मग मोडकांचं हसू ऐकू येतं. "अहो, ही तर घरात शिरताना बूट काढतेय! आपल्याकडचीच बाई. बोला, पूर्ण नाव सांगा."

"शरयू खांबेटे," मी सांगते. फोन ठेवून खाली बघते. उजव्या पायाच्या बोटांच्या बेचक्यांत पांढरं पीठ आहे, आणि माझ्या घरात महिनाभर कॉर्नफ्लोअर नाही.