ऑइलचं झाकण माझ्याच खिशात होतं

माझे सासरे विसरभोळे नाहीत. हे एवढंसं वाक्य मी सहा वर्षांपूर्वी, अहमदपूरच्या अलीकडे, रस्त्याच्या कडेला उभं राहून बोलायला पाहिजे होतं. तेव्हा बोललो नाही. नंतरही कितीदा तरी बोलता आलं असतं, पण मी मुळात कमी बोलणारा माणूस आहे, आणि आमच्या घरात कमी बोलणाऱ्या माणसाला शहाणा समजतात. त्या समजाचा मी पुरेपूर फायदा घेतला.

सासऱ्यांना सगळे अप्पा म्हणतात. लातूरच्या बाजारात त्यांचं डाळीचं दुकान. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, पांढरा शर्ट, पांढरं धोतर आणि गाडीही पांढरीच. रोज सकाळी आंघोळ, मग लिंगपूजा, मग गाडीचं ऑइल बघणं. हा क्रम कधी चुकला नाही. बॉनेट उघडायचं, इंजिनातली पट्टी ओढून काढायची, जुन्या धोतराच्या फडक्यानं पुसायची, पुन्हा आत घालून पुन्हा काढायची आणि उजेडात धरायची. पट्टीवरच्या दोन खुणांच्या मधे ऑइल दिसलं की समाधानानं मान हलवायची. सासूबाई म्हणायच्या, "माझ्या तोंडाकडं इतकं निरखून कधी बघितलं न्हाई ह्यांनी."

मी नांदेडच्या एका कॉलेजात इतिहास शिकवतो. गाडी चालवता येते, बाकी गाडीतलं मला काही कळत नाही. हे मी अप्पांना लग्नाआधीच सांगून टाकलं असतं तर पुढचं काहीच झालं नसतं. पण माझे एक साडू आहेत, पुण्याला इंजिनियर. ते लातूरला आले की अप्पा आणि ते बॉनेट उघडून तास तास आत बघत उभे राहायचे. मी ओट्यावर बसून सकाळचा पेपर दुसऱ्यांदा वाचायचो. एकदा अप्पांनी विचारलं, "सर, तुम्हाला गाडीची आवड न्हाई का?"

"आहे की," मी म्हणालो.

त्या दोन शब्दांनी पुढं किती काम केलं, ते सांगतो.

माझ्या चुलतभावाचं लग्न भोकरला होतं. बायको माहेरी आलेली, मी आदल्या रात्री लातूरला पोचलो. सकाळी अप्पा, सासूबाई, आम्ही दोघं असं चौघांनी अप्पांच्या गाडीनं निघायचं ठरलं. मी लवकर उठून नवे कपडे घालून अंगणात आलो. अप्पा पूजेला बसले होते. भिंतीशी ऑइलचा अर्धवट भरलेला डबा दिसला. मला वाटलं, अप्पांचं ऑइल टाकायचं राहून गेलं असावं. आणि वाटलं, आज आपण बघून ठेवावं. अप्पा बाहेर येतील, बॉनेटला हात लावतील, आणि मी सहज म्हणेन, "मी बघितलंय, अप्पा."

बॉनेट उघडायची खिटी शोधण्यात दहा मिनिटं गेली. त्यात दोनदा पेट्रोलचं झाकण उघडलं. शेवटी आत एक गोल झाकण सापडलं, त्यावर झारीचं चित्र होतं. म्हणजे हेच. ते फिरवून काढलं आणि आत ऑइल ओतलं. किती ओतायचं हे माहीत नव्हतं. देवापुढं समईत तेल घालताना माणूस जसा अंदाजानं घालतो तसं घातलं. पट्टी वगैरे बघितली नाही, कारण ती कुठं असते तेच दिसलं नाही.

तेवढ्यात सासूबाईंची हाक आली, "सर, या की. सुशीला गार होऊन राहिला."

गरम चुरमुऱ्यांचा सुशीला, वर शेंगदाणे. मी बॉनेट आपटलं, हात धुतले आणि आत गेलो.

खाणं झाल्यावर अप्पा बाहेर आले ते थेट स्टिअरिंगमागं जाऊन बसले. मी वाट बघत होतो. शेवटी विचारलं, "अप्पा, ऑइल बघायचं नाही का?"

"काल संध्याकाळीच बघून ठेवलंय. अर्धा लिटर टाकलं. सकाळी घाई नको म्हणून."

आता माझ्या कामाला काही मान राहिला नव्हता. उलट ऑइल जास्त झालं असणार, ही काळजी लागली. चाकूर येईपर्यंत मी त्याच काळजीत होतो. चुकीची काळजी करण्यात माणसाचा बराच वेळ जातो.

चाकूर सोडलं आणि वास यायला लागला.

"कुणीतरी भजी तळून राहिलंय," अप्पा म्हणाले.

"एवढ्या सकाळी, रस्त्यावर?" सासूबाई म्हणाल्या.

पुढच्या गावातही भजीच तळत होते. त्याच्या पुढच्या गावातही. मग बॉनेटच्या फटीतून धूर यायला लागला, समोर लाल दिवा लागला आणि अप्पांनी गाडी कडेला घेतली. दोनेकशे पावलांवर एक गॅरेज होतं. तिथला मिस्त्री आला, त्यानं बॉनेट उचललं आणि कमरेवर हात ठेवून उभा राहिला. आत सगळं काळं, चकचकीत, वरपासून खालपर्यंत न्हालेलं.

"अप्पा, झाकणच न्हाई की हो," तो म्हणाला. "समदं ऑइल बाहेर उडालंय. झाकण न लावता लातूरहून आलाव?"

मी घाम पुसायला खिशातला रुमाल काढायला गेलो. हाताला रुमाल लागला नाही. एक गोल, चिकट वस्तू लागली.

बोलणार होतो. तोंड उघडलंही होतं. पण अप्पा इंजिनाकडं एकटक बघत होते, आणि ते माझ्या आधी बोलले. "काल मीच टाकलं ऑइल. मीच इसरलो."

"परवा नळ चालू ठेवून पूजेला बसले," सासूबाई म्हणाल्या.

"वय झालंय आता अप्पांचं," माझी बायको म्हणाली.

"व्हतं आसं म्हातारपणी," मिस्त्री म्हणाला. त्याची आणि अप्पांची ओळख पाच मिनिटांची होती.

इतक्या कमी वेळात इतकं एकमत मी इतिहासातही वाचलेलं नाही. मी तोंड मिटलं.

गाडी तिथंच सोडून आम्ही काळ्या-पिवळ्या जीपनं निघालो. सासूबाई इरकल नेसून बकरीच्या पिल्लाशेजारी, अप्पा ड्रायव्हरच्या बाजूला चौथे. नांदेडला गाडी बदलून भोकरला पोचलो तोवर माझ्या मोतिया रंगाच्या पँटीवर खिशाच्या जागी भाकरीएवढा डाग पडला होता. बायकोनं विचारलं तर म्हणालो, गाडीला टेकलो होतो. त्या लग्नाच्या प्रत्येक फोटोत माझा उजवा हात मांडीवर आहे. नवरदेवाला कुणीतरी विचारलं म्हणे, तुझ्या भावाला वात आहे का.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी नांदेडला गोदावरीच्या पुलावर गेलो आणि झाकण पाण्यात टाकलं. शेजारी एक म्हातारे गृहस्थ निर्माल्य सोडायला आले होते. माझा चेहरा बघून त्यांनी हळू आवाजात विचारलं, "कोणाचं होतं?"

"सासऱ्यांचं," मी म्हणालो.

त्यांनी हात जोडले. मीही जोडले.

गाडी तीन आठवडे गॅरेजात होती. इंजिन उघडावं लागलं. ती परत आली त्या दिवशी अप्पा एकदाच स्टिअरिंगमागं बसले, दोन मिनिटांनी उतरले आणि किल्ली माझ्या हातात दिली. "सर, तुमच्याकडं ठेवा. तुम्ही जपून वागणारे. इसरणाऱ्या माणसानं चाक धरू न्हाई."

म्हणजे ज्यानं गाडी बिघडवली त्यालाच गाडी मिळाली. आणि अप्पांना मिळालं ते विसरभोळे हे नाव. त्या दिवसापासून लातूरच्या घरात जे सापडेना ते अप्पांनी कुठंतरी ठेवलेलं असायचं. वरणात मीठ नसलं तरी अप्पा स्वयंपाकघरात आले होते का, अशी चौकशी व्हायची. गोडाऊनच्या किल्ल्या मेव्हण्याकडं, म्हणजे अप्पांच्या मुलाकडं गेल्या. अप्पांनी एक वही केली. त्यात ते लिहायचे, नळ बंद केला. दार लावलं. मी दर महिन्याला नांदेडहून त्यांना ब्राह्मीचं औषध पाठवायचो. आता हे लिहिताना लाज वाटते, पण तेव्हा बाटली पार्सल केली की दोन दिवस बरी झोप लागायची.

दर रविवारी अप्पांचा फोन यायचा. शेवटी हमखास एक प्रश्न, "ऑइल बघता ना?"

"बघतो की."

सहा वर्षांत मी ते बॉनेट एकदाही उघडलं नाही. भीतीच बसली होती. सर्व्हिसिंगवाला वर्षातून एकदा काय करायचा तेवढंच. गेल्या वर्षी तेही राहून गेलं.

यंदा दिवाळीनंतर मेव्हण्याचा फोन आला. "सर, आजपासून अप्पांना दुकानात बसू द्यायचं न्हाई म्हणतोय. काल गिऱ्हाईकानं तूरडाळ मागितली, ह्यांनी हरभऱ्याची दिली."

"अप्पा काय म्हणाले?"

"म्हणाले, तसंच आसंल बाबा. गंमत म्हणजे ते गिऱ्हाईक संध्याकाळी परत आलं. म्हणलं, माझंच चुकलं, मी हरभऱ्याचीच मागितली होती. पण अप्पांनी तवर कबूल केलं होतं."

तसंच असेल बाबा. पन्नास वर्षं डाळीत काढलेला माणूस, मुठीतल्या डाळीवरून तालुका सांगणारा, स्वतःचं बरोबर असताना चूक कबूल करतो. ते कबूल करायला त्यांना मी शिकवलं होतं. मी गुरुवारी रजा टाकली, बायकोला गाडीत बसवलं आणि लातूर गाठलं.

ओट्यावर अप्पा आणि सासूबाई होत्या. मी पाणीसुद्धा घेतलं नाही. "अप्पा, ते ऑइलचं झाकण मी काढलं होतं. माझ्या खिशात राहिलं."

अप्पा माझ्याकडं बघत राहिले. मग हसले. "सर, तुम्ही माणूस लई चांगले."

"अप्पा, खरं सांगतोय."

"पोराचा फोन आला आसंल तुम्हाला. माझं वझं आपल्या अंगावर घेऊन राहिलाव. सख्खं पोरगं करत न्हाई एवढं." सासूबाईंनी पदर डोळ्याला लावला.

"कुठाय मग झाकण?" बायकोनं विचारलं. तिचा आवाज वेगळा होता. तिला बहुतेक पँट आठवली होती.

"गोदावरीत."

"बघा," अप्पा म्हणाले. "पुरावाबी न्हाई."

पुराव्याशिवाय बोलू नका, हे मी वर्गात वीस वर्षं सांगत आलोय. "अप्पा, मला गाडीतलं काहीच कळत नाही," मी शेवटी म्हणालो.

"आसं कसं? सहा वर्षं संभाळली की."

"चला, दाखवतो."

गाडी दारातल्या उतारावर, नाक खाली करून उभी होती. इंजिन तापलेलं होतं. खिटी मला अजूनही लगेच सापडली नाही. अप्पा बघत होते. पट्टी कुठली ते बायकोनं बोटानं दाखवलं. मी ती ओढून काढली. वरपासून खालपर्यंत काळी, ओली.

"भरपूर आहे," मी म्हणालो.

"पुसा ती," अप्पा म्हणाले.

"कशाला? पुसली तर ऑइल दिसणार कसं?"

अप्पांनी माझ्याकडं बघितलं. आमच्या लग्नाला अठरा वर्षं झाली, पण त्यांनी मला नीट असं त्या दिवशीच पाहिलं असेल. मग त्यांनी पट्टी माझ्या हातातून घेतली, गाडी सपाटीवर घ्यायला लावली, इंजिन बंद करून दहा मिनिटं थांबायला लावलं, मग पुसली, घातली, काढली. टोकाला थेंबभर काळं लागलं होतं. खालच्या खुणेच्याही बरंच खाली.

"हिला तुम्ही नांदेडहून आणलंत," ते म्हणाले. प्रश्न नव्हता.

"हो."

"ते झाकण तुमच्याच हातचं काम हाय."

"हाव," मी म्हणालो. मी एरवी हाव म्हणत नाही.

ते ओट्याच्या कडेला बसले. बराच वेळ फडक्यानं बोटं पुसत राहिले. "सर, सहा वर्षं झाली," ते म्हणाले, "झोपायच्या आधी मी तीन वेळा उठून गॅस बघतो. आपलं डोकं सरलं म्हणून." सासूबाई म्हणाल्या, "मी दर वेळी म्हणायची, बंदच हाय, झोपा." बायको म्हणाली, "आणि मी ती पँट लिंबू लावून दोन दिवस घासली." मला ओरडा हवा होता, तो कुणी दिला नाही.

अप्पांनी मला ऑइल आणायला पाठवलं. कुठलं आणायचं ते कागदावर लिहून दिलं, माझ्यावर सोडलं नाही. मग थोडं थोडं ओतत, थांबत, पट्टी बघत त्यांनी ते वरच्या खुणेच्या जरा खाली आणलं. झाकण फिरवून घट्ट केलं. बॉनेट लावलं. मग माझ्यापुढं हात केला. मी किल्ली दिली.

"कुठं निघालाव?" सासूबाईंनी विचारलं.

"दुकानात."

गाडी गल्लीतून हळूहळू गेली. कोपऱ्यावर थांबली. अप्पा उतरले, बॉनेट उघडून आत बघितलं, पुन्हा लावलं, पुन्हा बसले. आम्ही तिघं ओट्यावरून बघत होतो. कुणी हसलं नाही.

"दहा मिनिटांत पोचतील," सासूबाई माझ्याकडं न बघता म्हणाल्या. "पोरगं दारातच आडवंल. तुम्हीच फोन लावा."

मी लावला. दोन रिंगमध्ये मेव्हण्यानं उचलला.

"बोला सर. आता काय इसरले अप्पा?"

"काही नाही," मी म्हणालो, आणि सुरुवातीपासून सांगायला लागलो.