पोरीनं पाठवलेली शांतता

तालुक्याच्या कॉलेजात मास्तरकी मिळत असताना थोरली पोरगी बर्फाचा अभ्यास करायला उत्तर ध्रुवाकडं गेली, त्या दिवसापासून मी तिच्याशी अबोला धरला. मेंढरं राखून शिकवलं ते काय अस्वलांच्या मुलखात धाडायला? तिचा फोन आला की मी उठून घराबाहेर मेंढरांकडं जायचो. तिची आई थंडी किती, जेवलीस का, असं विचारायची, आणि माझा एक कान दाराकडंच असायचा. असे तीन महिने काढले. अबोल्यात आमच्या घराण्याचा हात कोणी धरणार नाही. माझे वडील आणि चुलते एका बांधाला बारा वर्षं न बोलता औत हाकत होते.

मग एक दिवस तिनं आईच्या मोबाईलवर रेकॉर्डिंग पाठवलं. खाली लिहिलेलं, आबांना ऐकवा. लावलं, तर आत काहीच नाही. गावात नेमकी पुढाऱ्याच्या वाढदिवसाची डीजे-मिरवणूक चाललेली, फळीवरची भांडी नाचत होती. मिरवणूक पुढं गेली तरी काही ऐकू येईना. आमच्या गावाला शांतता माहीत ती शोकसभेतली, दोन मिनिटांची, आणि तीही माईकवरून ओरडून मागावी लागते. मोबाईलच बिघडला म्हणून आष्टीला दुरुस्तीच्या दुकानात नेला. दुकानदारानं गाणं लावून दाखवलं. मोबाईल ठणठणीत होता.

तिथं माझं टाळकं सरकलं. म्हणजे पोरगी माझाच अबोला मला परत पाठवतीय! भर बाजारात तिला फोन लावला.

"बापाला टोमणे मारायला गेलीस का तिकडं?"

ती म्हणाली, टोमणा नाही. इथं इंजिन नाही, भोंगा नाही, पाखरूसुद्धा नाही. दोन तास बर्फातून चालत जाऊन खास तुमच्यासाठी भरून आणलं. मी भडकूनच विचारलं, माझ्यासाठी कावून?

"लहानपणी माळावर मेंढरं बसली की तुमी म्हणायचा, गप बस, ऐक. मी म्हणायची, काय ऐकू? तुमी म्हणायचा, काहीच न्हाई, तेच ऐक. आबा, ते हितं लई हाय. दुसऱ्या कुणाला पाठवू?"

मागं ट्रॅक्टरवाला हॉर्न वाजवत होता, बाजूला सरक म्हणून शिव्या घालत होता. मला बोलायचं होतं. लई बोलायचं होतं. पण घशातून आवाजच फुटंना. ती तिकडून "हॅलो, आबा, हॅलो" करत राहिली, आणि शेवटी रेंज गेली असं समजून तिनं फोन ठेवला.