शैलजाचा लांबचा रस्ता

आज मुलीच्या युनिफॉर्मवर पाणी शिंपडून इस्त्री फिरवली आणि ओल्या सुती कापडाच्या गरम वासाने मला राजाजीनगरच्या जुन्या घरात नेलं.

तेव्हा मी आठवीत होतो. वर्गातली शैलजा मला आवडायची, म्हणून शाळा सुटली की रोज सायकलने तिच्या मागोमाग तिच्या घरापर्यंत जायचो. एका संध्याकाळी माझा शर्ट इस्त्री करताना अक्का, माझी मोठी बहीण, म्हणाली, "शैलजा हल्ली लांबच्या रस्त्याने घरी जाते. का, ठाऊक आहे?"

मी मान खाली घातली. "मी तिला काही बोललो नाही गं."

"तरी ती घाबरली. कुणी आवडणं चूक नाही, या वयात होतंच. पण तिला नको असेल तर आपण थांबायचं. सरी?"

मीही कानडीतच "सरी", म्हणजे बरं, म्हणालो. तिने शर्टाची घडी माझ्या हातात दिली.

दुसऱ्या दिवसापासून मी थेट घरी येऊ लागलो. काही दिवसांनी शैलजा पुन्हा जवळच्या रस्त्याने जाताना दिसली.

तेव्हा मला फक्त माझी लाज कळली होती. आता माझी मुलगी तेरा वर्षांची आहे, शाळेतून चालत येते. आणि मागे वळून वळून पाहत घर गाठणारी शैलजा मला आत्ता कुठे दिसते.