निखारमायेचं गाणं

भूतबित, करणी, अंगात येणं... असल्या गप्पा निघाल्या की मी चहाचं निमित्त करून उठतो. तेव्हाही उठायचो, आजही उठतो. त्यामुळे मी हे लिहायला बसलोय याचं बायकोला फार हसू येतंय. पण महादूबद्दल लिहायचं तर दुसरा रस्ता नाही.

साल एकाहत्तर असेल. चिंचवडला एका फाउंड्रीत मी भट्टीवर होतो. भंगार वितळवायचं, रस साच्यात ओतायचा -- दिवसभर तेच. नाटकाचं वेड मात्र भारी. कामगारांच्या नाट्यस्पर्धेसाठी मी एक नाटक खरडलं, सगळं मनचं. समुद्रात एक बेट. तिथं आग कुणी पेटवत नाही. आग म्हणजे निखारमाय. ती राखेखाली झोपते आणि बेटावरचे लोक रोज गाणं म्हणून तिला उठवतात. गाणं माझं, चालही माझीच:

जाग गे निखारमाये, राखेची वाकळ सार,
तुझ्यासाठी उघडं ठेवलं बेटाचं दार.
समुद्राच्या पल्याडून आली उजेडाची लाट,
ऊठ माये, मोड अंग, आम्ही सोडली गं वाट.

शेवटच्या ओळीला सगळ्यांनी मागे सरायचं. माय जागी झाली की आळोखेपिळोखे देणार, तिला जागा नको?

नाटक सपशेल पडलं. पण त्यात कामं केलेली आमची भट्टीवरची पोरं सकाळी पहिली भट्टी लावताना ते गाणं म्हणायला लागली. आधी चेष्टेनं. मग त्याशिवाय कुणाला करमेना. पुढे तर आमचे फोरमन तात्या टोपी काढून हात जोडायला लागले. मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

"तात्या, ही देवी मी कँटीनमध्ये बसून बनवलीय," मी एकदा म्हटलं.

"बनवलीस, बरं केलंस. आता गप उभा राहा."

त्याच सुमारास माझ्या बहिणीला, शालनला, राजगुरुनगरहून, म्हणजे जुन्या खेडहून, स्थळ आलं. बघण्याचा कार्यक्रम नेमका माझ्या ड्युटीच्या दिवशी. महादू तेव्हा दुसऱ्या खात्यात होता, पण पूर्वी भट्टीवर काम केलेला माणूस. ताथवड्याचा. माझ्याऐवजी उभा राहतो म्हणाला आणि तात्यांनीही मान डोलावली.

"जा राव बिनघोर. बहिणीचं काम हाय. भट्टी काय मला नवी न्हाई," महादू म्हणाला. भट्टी नवी नव्हती, पण गाण्याची पद्धत त्याच्या नंतरची. नाटकही त्याने पाहिलं नव्हतं.

राजगुरुनगरला पोहे आले, आणि मुलाचे वडील मला म्हणाले, "नाटकं करता म्हणे? ऐकवा की काहीतरी." मला काय, तेवढंच हवं होतं. उभा राहिलो आणि निखारमायेचं गाणं खड्या आवाजात म्हटलं. म्हणताना डोळ्यांपुढे बेट आलं नाही, आमची भट्टीच आली. शेवटच्या ओळीला सवयीने मागे सरलो तो थेट बशीवर. पोहे सांडले. शालन खुदकन हसली, मुलगाही हसला. तिथंच लग्न ठरलं म्हणा ना.

संध्याकाळी परत आलो तर तात्या घरासमोर बसलेले. कपाळाला पट्टी.

"भट्टी उसळली," ते म्हणाले. "भंगारात ओल राहिली असणार. तू नाहीस म्हणून सकाळी गाणं कुणी म्हटलंच नव्हतं. पण आम्ही चौघं वाचलो ते तुझ्यामुळे. तू मागून गाणं म्हटलंस, आम्ही सवयीनं मागं सरलो आणि रस उडाला."

"तात्या, मी खेडला होतो."

"ते माहितीय रे. म्हणून तर इथं येऊन बसलोय."

महादू दवाखान्यात होता. उजवी बाजू भाजलेली, एक डोळा गेलेला. मला पाहून म्हणाला, "तुझा आवाज आला. मला वाटलं, काम उरकून आलास. कुटं हायस म्हून बघाया फुडं वाकलो, भट्टीच्या पलीकडं, तात्यांच्या मागं."

मी त्याच्या खाटेजवळ उभा होतो. चौघांना वाचवलं म्हणून लोक माझा हात हातात घ्यायचे, तो मला ओढून घ्यावासा वाटायचा. महादू माझ्या जागी उभा होता, आणि माझ्याच आवाजाकडे वळला होता.

दोन्हीकडच्या घड्याळांची वेळ मी कितीदा जुळवून पाहिली. जुळते. सवयीने भास झाला म्हणावं तर चौघांना एकदम कसा? आणि महादूला तर ते गाणं माहीतच नव्हतं. शालनचा संसार चांगला झाला. तिच्याकडे गेलो की ती पोहे करते, आणि मला ते गिळवत नाहीत.

गाणं मी सोडलं. महादूला कंपनीने गेटवर बसवलं, तो कधी एका शब्दाने बोलला नाही. ऐंशीच्या पुढेमागे एका खंडेनवमीला त्याच्या घरी ताथवड्याला गेलो होतो. अंगणात खुर्च्या टाकून बसलो होतो. चहा झाला आणि तो म्हणाला, "त्ये गानं म्हन की एकदा."

"नको रे महादू."

"म्हन. मला निम्मंच ऐकू आलं व्हतं. फुडं काय हाय त्ये ठावं न्हाई."

म्हटलं. आवाज फाटत होता, तरी म्हटलं. तो डोळा मिटून ऐकत होता.  शेवटची ओळ मी नुसती बोलून दाखवली.

"आन् मग?" त्याने विचारलं. "ह्ये झाल्यावर काय करायचं असतं?"

"मागे सरायचं असतं," मी म्हणालो.

 त्याने बसल्या जागी पाय उचलले आणि हळूच खुर्चीखाली मागे घेतले.

तो आवाज त्या दिवशी भट्टीपर्यंत कसा पोचला, हे मला आजही माहीत नाही.