शिला राठोडने फीत कापली नाही

शिला राठोड टीव्हीवर नर्स आहे. त्याआधी नऊ वर्षं ती खरोखरीची नर्स होती, सरकारी दवाखान्यात, कंत्राटावर. लसीकरणाच्या पथनाट्यात तिला खाष्ट सासू केलं, तर तिने कळमनुरीचा सगळा आठवडी बाजार हसवून लोळवला, आणि तिथूनच सिरीयलवाल्यांच्या नजरेत भरली. पण तोंड नर्सचंच राहिलं. मुलाखतीत कुणी साडीबद्दल विचारलं, तरी ही सरकारी दवाखान्यातल्या रिकाम्या जागांवर घसरते. चॅनेलवाले हात जोडतात. ही ऐकेल तर शपथ!

तिच्याच तांड्यात आरोग्य उपकेंद्राची नवी इमारत झाली. सभापती देविदासरावांना उद्घाटनाला तीच हवी होती. रस्ताभर फ्लेक्स लागले: पांढऱ्या साडीतली शिला, खाली 'आपल्या नर्सबाई येत आहेत'.

ती गाडीतून उतरली तशी शेजारच्या अनुसयाबाईने तिचा हात धरला. सोबत लेक सरिता, दिवस भरत आलेली.

"तुझा फ्लेक्स बघितला अन् हिला सासरहून आणलं माय. तिकडं दवाखाना जवळ व्हता, पर म्हटलं, आपली शिला येऊन राहिली, मग पहिलं बाळंतपण तिकडं काहून?"

शिला घाईघाईने म्हणाली, "काकी, मी निस्ती फीत कापायला आले. नर्स दुसरी असंल."

दुसरी कुणीच नव्हती. आत बाळंतपणाच्या टेबलावरचं प्लॅस्टिकसुद्धा निघालेलं नव्हतं.

"जुन्या बाई बदलून गेल्या, त्याला दोन वर्षं झाली," देविदासराव म्हणाले. "जागा भरंल सावकाश. तुमी फीत कापा ताई, फोटोवाले थांबलेत."

शिलाला संताप आला, आणि त्याहून जास्त लाज वाटली, त्या फ्लेक्सवरच्या स्वतःच्या हसऱ्या तोंडाची. तिने कात्री तबकात ठेवली आणि पायरीवर बसकण मारली.

"नर्सच्या नेमणुकीचा कागद दाखवा. तवर मी उठत न्हाई."

शाल, नारळ, हार सगळं तबकातच राहिलं. अनुसयाबाई तिच्या शेजारी बसली, मग तांड्यातल्या आणखी बाया बसल्या. देविदासरावांनी गोड बोलून पाहिलं, डोळे वटारून पाहिलं. शेवटी त्यांनी मुंबईला थेट सिरीयलच्या निर्मात्याला फोन लावला आणि तो शिलाच्या कानाला दिला.

"उद्या सकाळी सेटवर नसलीस, तर तुझ्या जागी दुसरी नर्स उभी करीन," निर्माता ओरडला.

"करा," शिला म्हणाली. इतकी आवडती भूमिका गेली म्हणून तिला वाईट वाटलं, नाही असं नाही. पण ती उठली ती थेट माईकपाशी गेली.

"ऐकलं का मंडळी? सिरीयलमधली खोटी नर्स हलली, तर तिच्या जागी दुसरी उद्या सकाळी हजर! अन् आपल्या तांड्यातली खरीची जागा दोन वर्षं रिकामी. काहून?"

तिने माईक देविदासरावांच्या हातात दिला.

"मला नका सांगू साहेब. ती सरिता बसली, तिला सांगा."